टीव्हीवरच्या मुलांना आडनाव नव्हतं

आमच्या शाळेत टीव्ही आला तेव्हा मी दहावीत होते. ऐंशीच्या पुढची चार-पाच वर्षं उलटली असतील. पोलादपुरात तोवर टीव्ही नव्हताच असं नाही. मुंबईला नोकरी करणाऱ्या दोघातिघांच्या घरी होता, पण तो गणपतीत आणि शिमग्यात मुंबईकर गावी आले की चालू व्हायचा आणि एरवी भरतकामाच्या रुमालाखाली झोपलेला असायचा. शाळेचा टीव्ही सरकारी होता. त्याला लाकडी कपाट होतं, कपाटाला दोन दारं, दारांना कुलूप, आणि किल्ली हेडसरांच्या सदऱ्याच्या आतल्या खिशात.

गाव डोंगरांच्या मधोमध, त्यामुळे चित्र यायला तयार नसायचं. शिपाई कौलांवर चढून अँटेना फिरवायचा, खालून आम्ही ओरडायचो, "आलं, आलं, गेलं." पडद्यावर मुंग्याच मुंग्या. त्या मुंग्यांतून आम्ही ज्वालामुखी पाहिला, बेडकाचं हृदय पाहिलं आणि एकदा इंग्लंडची राणीही पाहिली. विज्ञानाचे सर म्हणाले ते बेडकाचंच हृदय आहे, पण मला अजून वाटतं ती राणीच होती.

मग दिवाळीनंतर एक परिपत्रक आलं. किशोरवयीन विद्यार्थ्यांसाठी दर बुधवारी दुपारी खास मालिका, आठवी ते दहावीच्या सर्व मुलामुलींना दाखवणं बंधनकारक. विषय होता वयात येताना होणारे बदल, मैत्री, आकर्षण आणि जबाबदारी. हेडसरांनी परिपत्रक तीनदा वाचलं. 'बंधनकारक' नसतं तर त्यांनी ते चौथ्यांदा वाचून फाइलला लावलं असतं. पण सरकारी शब्दापुढे त्यांचं काही चालायचं नाही. त्यांनी मुलींना डावीकडे बसवलं, मुलांना उजवीकडे, मध्ये चित्रकलेच्या बाईंची खुर्ची टाकली आणि स्वतः टीव्हीच्या बटणाला हात लावून उभे राहिले.

मालिका अशी असायची. एक बाग, बागेत एक बाक. बाकावर एक मुलगा आणि एक मुलगी. ती दोघं सोळा वर्षांची आहेत असं आम्हाला सांगितलं जायचं. मुलाच्या गालावर दाढी केल्याचा हिरवट रंग दिसायचा आणि मुलीकडे बघून आमच्या शेजारच्या बाकावरची पोर म्हणायची, "हिला दोन पोरं तरी आसतील." मुलगा मुलीला फूल द्यायचा. मुलगी लाजायची. पुढच्या दृश्यात मुलगी सहामाहीत नापास. मग पांढऱ्या साडीतल्या, चष्म्याच्या डॉक्टरीणबाई यायच्या आणि प्रेम व आकर्षण यांतला फरक समजावून सांगायच्या. शेवटच्या दृश्यात मुलगी बक्षीस घेत असायची आणि मुलगा टाळ्या वाजवत असायचा, बऱ्यापैकी लांबून.

हेडसरांना कार्यक्रम आधी बघायची सोय नव्हती. म्हणून त्यांनी एक पद्धत बसवली. बाकावरची दोघं हातभर अंतराच्या आत सरकली की ते उजेडाचं बटण फिरवायचे. पडदा काळाकुट्ट. आवाज मात्र चालू राहायचा, कारण आवाज बंद केला तर परिपत्रकाचा भंग. त्यामुळे आमच्या पिढीने प्रेम पाहिलं नाही, फक्त ऐकलं, आणि तेही शुद्ध पुणेरी मराठीत. काळोखातून आवाज यायचा, "आपण आधी आपल्या पायावर उभं राहायला हवं." मुलं उजवीकडून खिदळायची. बाई खुर्चीत बसून पायाच्या अंगठ्याने फरशी उकरायच्या.

कार्यक्रम झाला की जिल्ह्याला एक तक्ता पाठवायचा असे. किती विद्यार्थी हजर, चित्र स्पष्ट होते काय, आवाज स्पष्ट होता काय, आणि शेवटचा रकाना, 'विद्यार्थ्यांवर झालेला परिणाम'. तक्ता भरायचं काम दोघांकडे होतं. माझं अक्षर चांगलं म्हणून मी लिहायची, आणि आमच्या वर्गातला पहिला नंबर, तो आकडे सांगायचा. तो बौद्धवाडीतला. वडील कचेरीत कारकून, घरात पुस्तकं, बोलणं मोजकं. गणितात तो पहिला आणि मी दुसरी. मराठीत मी पहिली आणि तो दुसरा. माझे वडील जमीनवाले शेतकरी, देवळाच्या कमिटीवर. त्यांच्यासमोर वाडीतल्या मुलाचं नुसतं नाव घेताना मी त्याच्यामागे 'तो वर्गातला' असं जोडत असे.

आमच्यात जे काही होतं ते त्या तक्त्यापुरतं होतं. तो म्हणायचा, "हजर एकशे बारा." मी लिहायची. तो म्हणायचा, "चित्र स्पष्ट नव्हते." मी लिहायची. मग परिणामाच्या रकान्यावर आम्ही दोघंही थांबायचो आणि कधीकधी हसायचो. तेवढंच. पण बुधवारची मी सोमवारपासून वाट बघायची, आणि त्याच्या पुढे जायचं म्हणून गणितं अशी सोडवायची की माझे मार्क साठीतून ऐंशीत गेले. टीव्हीवर प्रेमात पडलेली मुलगी नापास व्हायची. मी पास होत चालले होते, म्हणजे हे प्रेम नसावं, असा मी हिशेब मांडला होता. मूर्खपणा होता, पण तेव्हा तो मला शास्त्रीय वाटला.

आणि मग डॉक्टरीणबाईंनी पत्रं मागवली. तुमच्या मनातले प्रश्न मोकळेपणाने लिहा, नाव गुप्त ठेवलं जाईल.

मी लिहिलं. पोस्टकार्डावर नाही, ते पोस्टमन वाचायचा. आंतर्देशीय आणलं. लिहिलं की मी दहावीत आहे, अभ्यासात चांगली आहे. वर्गातला एक मुलगा मला आवडतो, तो माझ्यापेक्षाही हुशार आहे. तो बौद्ध आहे, मी नाही. तुमच्या कार्यक्रमातल्या मुलामुलींची आडनावं तुम्ही कधीच सांगत नाही, आमच्याकडे तर आडनाव सांगितल्याशिवाय पाणीसुद्धा मागता येत नाही. दहावीनंतर मी त्याच्याशी रस्त्यात उभं राहून बोलले तर त्याला मार बसेल. तो बसू नये म्हणून काय करावं? मैत्री निखळ आहे. खाली गावाचं नाव लिहिलं, माझं लिहिलं नाही.

जानेवारीत एका बुधवारी डॉक्टरीणबाईंनी चष्मा सारखा केला आणि म्हणाल्या, "रायगड जिल्ह्यातल्या पोलादपूरहून दहावीतली एक विद्यार्थिनी लिहिते..."

एवढं ऐकून आमचा हॉल उभा राहिला. गावाचं नाव टीव्हीवर. मुलांनी बाक बडवले. हेडसरांनी बटणावरचा हात काढून तो छातीवर ठेवला. त्या गलक्यात पुढची वाक्यं कुणालाच धड ऐकू आली नाहीत, मी सोडून. मी मात्र एकेक शब्द ऐकला. "...की तिला वर्गातल्या एका मुलाविषयी आकर्षण वाटू लागले आहे आणि त्यामुळे ती अभ्यासात मागे पडत चालली आहे."

बौद्ध गेला. आडनाव गेलं. मार गेला. माझे ऐंशी मार्कही गेले. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, हे वयच असं असतं, छंद जोपासावा, सकाळी लवकर उठून व्यायाम करावा, आईवडिलांना विश्वासात घ्यावं. मला आठवतं, सगळ्यात जास्त राग मला मार्कांचा आला होता.

हेडसरांनी त्या दिवशी फळ्यावर लिहिलं, 'अभिमानास्पद! आपल्या गावाचा दूरचित्रवाणीवर उल्लेख.' दुसऱ्या दिवशी कुणीतरी त्यांना समजावलं असावं की उल्लेख नेमका कशाचा झाला. फळा पुसला गेला आणि चौकशी सुरू झाली. दहावीत आम्ही नऊ मुली. नऊही जणींना ऑफिसात बोलावून एकेक परिच्छेद लिहायला लावला, हस्ताक्षर तपासण्यासाठी. पत्र मुंबईत होतं, त्यामुळे ती नऊ अक्षरं कशाशी ताडून बघायची हे कुणालाच माहीत नव्हतं. तरी सरांनी कागद घेतले, सह्या घेतल्या, टाचणी लावली. माझ्या कागदाकडे बघून म्हणाले, "अक्षर म्हणजे असं असावं."

मला वाटलं, टळलं.

शेजारच्या बाकावरची ती, जिने टीव्हीवरच्या मुलीला दोन पोरं देऊन टाकली होती, ती वरच्या डोंगरातल्या कुडपण गावची. वर शाळा चौथीपर्यंतच, म्हणून पोलादपुरात मामाकडे राहायची. मामाचं शिवणाचं दुकान. पहाटे उठून मामीच्या घरचं पाणी भरायची, भाकऱ्या थापायची, भांडी घासायची आणि पहिल्या तासाला डोळे उघडे ठेवून झोपायची. सहामाहीत गणित आणि इंग्रजीत गेली होती. गेलेल्या आणखी दोघी होत्या, पण त्यांचे वडील गावातच होते आणि टीव्ही बघत नव्हते.

तिचा बाप मुंबईला एका कंपनीत रात्रपाळीला होता. राहायला गावकीच्या खोलीत. आमच्याकडच्या प्रत्येक गावाची मुंबईत अशी एक खोली असायची. गावातली एकटी माणसं वीस-वीस त्यात पाळीपाळीने झोपायची, आणि गावाचे निम्मे निर्णय त्या खोलीत होऊन पत्राने वर यायचे. त्या खोलीत वर्गणीतून टीव्ही घेतला होता. रात्रपाळीवाले दुपारी उठून तो लावत, जे लागेल ते बघत. त्या बुधवारीही बघत होते.

पुढचं तिच्या बापानेच शाळेच्या व्हरांड्यात सांगितलं. शनिवारी सकाळच्या एसटीने तो उतरला आणि पिशवी हातात घेऊन थेट शाळेत आला. बुटका, गरीब स्वभावाचा माणूस. ओरडला नाही. हेडसरांना म्हणाला, "सर, टीव्हीत पोलादपूर बोलले, दहावी बोलले, आभ्यासात मागं पडलेली बोलले. खोलीतली समदी माणसं माज्याकडं बगाया लागली. मीच त्यांना सांगितलं व्हतं, पोर दोन विषयात गेली म्हणून. आता मी त्या खोलीत कसा ऱ्हाऊ?"

तिला वर्गातून बोलावलं. आम्ही सगळ्या मुली खिडकीशी. ती म्हणाली, "बाबा, मी नाय लिवलं. मला पत्र घालाया वेळ तरी हाय का?"

"मग कुनी लिवलान? नापास तूच हायस."

"आणि मुलगा कोण?" हे हेडसरांनी विचारलं. त्यांना तक्ता पूर्ण भरायची सवय होती.

"कुठला पोरगा?" ती म्हणाली. आणि मग तिने वळून खिडकीकडे बघितलं, आमच्या सगळ्यांकडे, एकेकीकडे. तिला वाटत होतं, कुणीतरी बोलेल. माझ्याकडेही तिने तेवढंच बघितलं, जास्त नाही. मी खाली फरशीकडे बघत होते.

एका वाक्याचं काम होतं. सर, पत्र मी लिहिलं. ते वाक्य मी तेव्हापासून मनातल्या मनात इतक्या वेळा म्हटलंय की आता त्यात काही चूक उरलेली नाही. पण त्या दिवशी मला पुढचं सगळं दिसत होतं. हेडसर विचारतील, मुलगा कोण. तक्ता दोघं मिळून भरतात हे त्यांना माहीत. संध्याकाळपर्यंत माझे वडील, काका, देवळाची कमिटी. वाडीत जाऊन काय करतील ते. मी त्याच्यासाठी गप्प राहिले, असं मी स्वतःला सांगितलं, आणि ते निम्मं खरंही होतं. उरलेलं निम्मं असं की मला दहावीची परीक्षा द्यायची होती. बाप तिला दुसऱ्या दिवशी सकाळी वर नेणार होता. तुडील गावचं एक स्थळ होतं म्हणे, ते आधी पुढच्या वर्षावर ढकललं होतं, आता चैत्रातच उरकायचं ठरलं.

दुपारी, चौकशीच्या गडबडीत राहून गेलेला बुधवारचा तक्ता भरायला मी आणि तो ऑफिसच्या मागच्या खोलीत बसलो. तो आकडा सांगेना. म्हणाला, "तू लिहिलंस ना?"

मी मान हलवली.

"आमचं लिहिलं होतंस? वाडीचं?"

"लिहिलं होतं. त्यांनी वाचलं नाही."

"मला विचारलं असतंस तर आधीच सांगितलं असतं, ते वाचणार नाहीत म्हणून." मग त्याने कागद आपल्याकडे ओढला. "मी सांगतो सरांना. मुलगा मी म्हणून. मुलीचं नाव नाही सांगत."

"तुला मारतील."

"मारतील. पण तिला उद्या नेतायत."

मी म्हणाले, तू सांगितलंस तर मी सांगेन की हा खोटं बोलतो. हे मी खरंच म्हणाले. तो माझ्याकडे असा बघत राहिला, जणू मी काहीतरी त्याला न येणाऱ्या भाषेत बोलले. मग त्याने कागद माझ्याकडे सरकवला आणि नेहमीच्या आवाजात म्हणाला, "हजर एकशे आठ." शेवटच्या रकान्यात काय लिहायचं ते त्याने सांगितलं नाही. हेडसर आत आले, त्यांनीच सांगितलं, आणि मी माझ्या चांगल्या अक्षरात लिहिलं, 'विद्यार्थिनींमध्ये जबाबदारीची जाणीव निर्माण झाली.' जिल्ह्याहून पुढे या शेऱ्याचं कौतुक करणारं पत्र आलं.

त्या दिवशी संध्याकाळी मी गणिताची वही घेऊन तिच्या मामाच्या दुकानापर्यंत गेले. मामा मशीन चालवत होता. बाप पायरीवर बसून बिडी ओढत होता, माझ्याकडे बघून म्हणाला, "ये बाय. ती आत बांधाबांध करते. तू तिची मैत्रीण ना? तू तरी तिला समजावायचं होतंस." मी म्हणाले, वही द्यायची होती. त्याने वही हातात घेतली, उलटसुलट केली आणि परत दिली. "आता ती वही घेऊन काय करायची?" त्यात राग नव्हता. मी वही घेऊन घरी आले, जेवले आणि अभ्यासाला बसले.

सकाळी ती दोघं महाबळेश्वरच्या एसटीत बसली. घाटाच्या वाटेवर उतरून पुढे कुडपणपर्यंत चालायचं. मी निरोप द्यायला गेले नाही. चैत्रात लग्न झालं. आमच्या परीक्षा आटोपल्या. तो बोर्डात चांगला चमकला, मुंबईला काकांकडे शिकायला गेला. जाताना माझ्याशी बोलला नाही. रस्त्यात उभं राहून बोलल्याने काय होतं ते मला कळायचं राहूनच गेलं.

पाच वर्षांनी मी डी.एड. होऊन महाडजवळच्या एका शाळेत लागले. त्याच मालिकेतली वाक्यं आता मी मुलींना सांगायची. छंद जोपासावा. आईवडिलांना विश्वासात घ्यावं. छान सांगते, असं सगळे म्हणत.

एका शनिवारी महाडच्या स्टँडवर मागून कुणीतरी खांद्यावर हात ठेवला. ती. कडेवर एक, हाताला एक. हसली, तशीच जुनी, तोंडभर. तुडीलच्या गाडीला अजून वेळ होता. आम्ही बाकावर बसलो. सासरची शेती नदीकाठी आहे, कलिंगडं चांगली होतात, सासू बरी आहे, असं सांगत होती. मी बाई झाले हे ऐकून तिला खरंच आनंद झाला. पोरांना म्हणाली, "नमस्कार करा रे, या मास्तरीण हायत."

मग मुलाचं नाक पुसता पुसता म्हणाली, "एक इचारू? ती पोर कोण होती गो, पत्र लिवणारी? तुला कळलं का कधी?"

 मी विचारलं, आता ते कशाला काढतेस?

"राग नाय ऱ्हायला. पण नवरा अजून इचारतो. दारू प्याला की हटकून. तो पोरगा कोण व्हता सांग, म्हणतो. मी काय सांगू? मला म्हाईतच नाय. नाव कळलं तर एकदा सांगून टाकीन, सुटंल तरी." रोजच्या पाण्याच्या त्रासाबद्दल सांगावं तसं तिने हे सांगितलं. तिच्या डाव्या मनगटाचं हाड जरा वाकडं बसलं होतं, ते मी तेव्हा पाहिलं.

तिची गाडी लागली. कंडक्टर ओरडत होता, तुडील, तुडील. माझ्याकडे अजून अर्धं मिनिट होतं, आणि या वेळी ना हेडसर होते ना माझे वडील ना परीक्षा.

"नाही गो," मी म्हणाले. "कुणालाच कळलं नाही."

तिने मान डोलावली, धाकट्याला कडेवर घेतलं आणि पायरी चढताना म्हणाली, "तू हुशार, मला वाटलं तुला म्हाईत आसंल."